पाचशे फिल्सच्या नाण्यावरचा मोती कुठे गेला? बहरीनमध्ये २०११ ला नक्की काय झालं?

मिठागर

नमस्कार सगळ्यांना. मी फेब्रुवारीपासून बहरीनला आहे, मनामात, एका लॉजिस्टिक्स कंपनीत, परदेशातली पहिलीच नोकरी. आमचं गाव चिपळूणजवळ. पप्पा १९९६ ते २०१२ इथेच होते एसी मेंटेनन्सच्या कामात, म्हणजे माझं सगळं शिक्षण बहरीनच्या पैशावर झालं पण बहरीन कसं आहे हे घरात कधी कोणी नीट बोललंच नाही.

निघायच्या आधी आईने कपाटातून एक डबा काढला, त्यात पप्पांची जुनी नाणी होती. त्यातलं एक पाचशे फिल्सचं, म्हणजे अर्ध्या दिनारचं. त्याच्यावर एक स्मारक आहे, सहा शिडं वर निमुळती होत गेलीत आणि टोकाला एक गोळा. मला फार आवडलं म्हणून फोटो काढून ठेवला. इथे आल्यावर बघते तर अर्ध्या दिनारची नोटच हातात येते, ते नाणं कुठेच नाही, आणि ते स्मारकही कुठे दिसत नाही. मग एक दिवस ऑफिसात इथल्याच एका सहकाऱ्याला फोटो दाखवला, म्हटलं हे कुठे आहे, शुक्रवारी बघून येते. त्याने फोटो बघितला, माझा मोबाइल पालथा करून टेबलावर ठेवला आणि शिपमेंटबद्दल बोलायला लागला. संध्याकाळी लिफ्टमध्ये आम्ही दोघंच होतो तेव्हा फक्त एवढंच म्हणाला, "दवार अल-लूलू. आता नाहीये ते."

नेटवर शोधलं तर आंदोलन, सौदीचं सैन्य, इराण असं बरंच काही येतं, कोणी म्हणतं लोकशाहीसाठी होतं, कोणी म्हणतं शिया-सुन्नी भांडण. पप्पांना फोन केला तर म्हणाले, वाईट दिवस होते, तू तुझं काम कर, त्यात पडू नको. पप्पा माझ्याशी असे कधी बोलत नाहीत. त्यावेळी तिथे असलेलं कोणी इथे आहे का? आणि एवढ्या वर्षांनी सुद्धा लोक एका नाण्याच्या फोटोला का घाबरतात?

जुना सनाबीसकर

मिठागर ताई, मी २००३ ते २०१५ तिथे होतो, अकाउंट्सला, राहायला सनाबीसमध्ये, त्या चौकापासून पायी दहा-बारा मिनिटं. आता रत्नागिरीला असतो म्हणून लिहितोय, तिथे असतो तर नसतं लिहिलं, हे आधीच सांगतो.

दवार अल-लूलू म्हणजे मोत्याचा चौक, तोच पर्ल राउंडअबाउट. स्मारक १९८२ चं, आखाती देशांच्या परिषदेसाठी बांधलेलं, सहा शिडं म्हणजे सहा देश आणि वरचा मोती म्हणजे त्यांचा सगळ्यांचा वारसा, कारण तेल लागायच्या आधी बहरीन मोत्यांवरच जगायचं. आम्ही कोणाला घरचा पत्ता सांगताना "मोत्यापासून उजवीकडे" असंच सांगायचो.

१४ फेब्रुवारी २०११ ही तारीख लोकांनी उगाच नव्हती निवडली. बरोब्बर दहा वर्षांपूर्वी त्याच तारखेला राष्ट्रीय सनदेवर, म्हणजे राज्यकारभारातल्या सुधारणांच्या जाहीरनाम्यावर, मतदान झालं होतं, ९८.४ टक्के लोकांनी हो म्हटलं होतं, शिया सुन्नी सगळ्यांनी, कारण राजाने कैदी सोडले होते आणि निवडून आलेली संसद देणार असा शब्द दिला होता. मग २००२ ला राजाने स्वतःच नवी घटना जाहीर केली, त्यात ४० निवडून आलेले आणि त्यांच्या डोक्यावर ४० राजाने नेमलेले. आणि पंतप्रधान कोण तर राजाचे काका, १९७१ पासून तेच, २०२० ला वारले तोपर्यंत तेच. म्हणजे एवढ्या लोकांनी मत देऊन जे मिळवलं ते वर्षभरात हातातून गेलं, हा राग होता.

पहिल्या दिवशी एक तरुण पोरगा गेला गोळीबारात, दुसऱ्या दिवशी त्याच्या अंत्ययात्रेत आणखी एक. मग लोक चौकात येऊन बसले. मी स्वतः ऑफिसातून येताना बघितलंय, तंबू, चहा, लहान पोरं खांद्यावर, बायका अबाया घालून एका बाजूला, हातात देशाचा लाल-पांढरा झेंडा. "ना शिया ना सुन्नी, आम्ही बहरीनी" असं लिहिलेले फलक होते. १७ तारखेला पहाटे तीनच्या सुमाराला आम्ही आवाजाने जागे झालो. हेलिकॉप्टर, फटफट आवाज, आणि अश्रुधुराचा वास बंद खिडकीतून आत. लोक झोपलेले होते हो तिथे. त्या पहाटे चार जण मेले. नंतर सैन्य मागे घेतलं, लोक परत येऊन बसले, महिनाभर ते चाललं, लाखभर माणूस रस्त्यावर उतरलेलं मी बघितलं, आणि ज्या देशात सगळी मिळून बारा-तेरा लाख लोकसंख्या, त्यातली निम्मी आपल्यासारखी बाहेरची, तिथे लाख म्हणजे किती हे तुम्हीच बघा.

१४ मार्चला कॉजवेवरून, म्हणजे सौदीला जोडणाऱ्या समुद्रावरच्या पुलावरून, सौदीचे हजारेक सैनिक आले, अमिरातीचे पाचशे पोलीस आले. १५ ला आणीबाणी. १६ ला चौक परत रिकामा केला आणि १८ मार्चला ते स्मारकच पाडलं. क्रेन लावून. ते पाडताना बाहेरून आलेला एक कामगार खाली चिरडून मेला, त्याबद्दल मला अजून वाईट वाटतं, त्या बिचाऱ्याचा या सगळ्याशी काय संबंध होता. नंतर तिथे सिग्नलचा चौक केला, नाव दिलं अल-फारूक जंक्शन, आणि स्मारक छापलेलं अर्ध्या दिनारचं नाणं चलनातून काढलं. तुमच्या डब्यातलं ते तेच.

त्यानंतर पण लोक थांबले नव्हते. रात्री गच्चीवरून अल्लाहू अकबरचे आवाज यायचे. गाडीच्या हॉर्नचा एक ठेका होता, टॅन टॅन टटॅन, म्हणजे राजा पायउतार व्हा, तोंडाने म्हणायची सोय नव्हती म्हणून हॉर्नने. नुसत्या त्या ठेक्यासाठी पण गाडी थांबवून पकडायचे. माझ्या मागच्या गल्लीतला पोरगा असाच नेला.

शाईचा डाग

सनाबीसकर काका, वाचून काटा आला. मी तिथे कधी गेले नाही पण पुण्यात वीस वर्षं वर्तमानपत्राच्या डेस्कवर काढलीत आणि २०११ ला परदेशी पान माझ्याकडे होतं, त्यामुळे बहरीनचा एक भाग माझ्या मनातून जात नाही, तो म्हणजे अल-वसत.

बहरीनमधलं ते एकमेव स्वतंत्र दैनिक म्हणता येईल असं. २००२ ला मन्सूर अल-जमरी यांनी सुरू केलं, हे नव्वदच्या दशकातल्या विरोधकांचे नेते शेख अल-जमरी यांचे चिरंजीव, परदेशात राहून सनदेच्या काळात आशेने परत आलेले. एप्रिल २०११ ला सरकारी टीव्हीवर एक कार्यक्रम झाला की बघा अल-वसत खोट्या बातम्या छापतंय. आणि त्यातल्या काही बातम्या खरंच खोट्या होत्या! जमरींचं म्हणणं असं की आणीबाणीत ऑफिस अर्धं रिकामं असताना त्या बातम्या कोणीतरी मुद्दाम ईमेलने पेरल्या, कोर्टात न्यायला. डेस्कवर काम केलेल्या माणसाला हे वाचून काय वाटतं ते मी सांगू शकत नाही, रात्री अकरा वाजता माणसं कमी असताना आलेली बातमी आपण कशी लावतो ते मला माहितेय. एक दिवस पेपर बंद, संपादकाचा राजीनामा, हजार दिनार दंड, दोन इराकी पत्रकार सहकाऱ्यांना देशाबाहेर काढलं. आणि पेपरच्या संस्थापकांपैकी एक करीम फखरावी, हे पोलीस चौकीत स्वतःच्या पायाने तक्रार द्यायला गेले होते, ते आठवड्याभरात कोठडीत मेले. सरकारने सांगितलं किडनी निकामी झाली. पुढे राजानेच नेमलेल्या चौकशी आयोगाने सांगितलं की मृत्यू छळामुळे झाला. दोन पोलिसांना सात वर्षं झाली, अपिलात ती तीन झाली.

हा पेपर तरी पुन्हा उभा राहिला. ऑगस्टमध्ये जमरी परत संपादक झाले. मग जून २०१७ ला कायमचा बंद केला, कशावरून? तर मोरोक्कोवरच्या एका लेखावरून. मोरोक्कोत रिफ भागात अल-होसेइमाला एका मासेविक्रेत्याचे मासे जप्त करून कचऱ्याच्या गाडीत टाकले, तो ते काढायला मागे चढला आणि गाडीच्या यंत्रात चिरडला गेला, ऑक्टोबर २०१६ ची गोष्ट, त्यावरून तिथे महिनोन्‌महिने निदर्शनं चालू होती. त्याबद्दल लिहिलं तर म्हणे एका बंधू अरब देशाचा अपमान झाला. एका राजाच्या राज्यातला पेपर दुसऱ्या राजाच्या राज्यातल्या आंदोलनाबद्दल लिहितो म्हणून बंद होतो. शंभराच्या वर माणसं एका महिन्यात घरी. तेव्हापासून तिथे जे छापून येतं ते सरकारला चालेल तेवढंच.

आणि टीव्हीचं काम तर फारच वाईट होतं. मोर्च्यातले फोटो दाखवायचे आणि चेहऱ्यांभोवती लाल गोल काढायचे. आला हुबैल, बहरीनच्या फुटबॉल टीमचा स्टार, २००४ च्या एशियन कपमध्ये सगळ्यात जास्त गोल करणाऱ्यांत होता, त्याला असंच टीव्हीवर दाखवलं आणि नंतर प्रॅक्टिस चालू असताना उचललं. आयात अल-कुर्मेझी, वीस वर्षांची मुलगी, चौकात कविता वाचली म्हणून एक वर्षाची शिक्षा. मिठागर, तुझ्या सहकाऱ्याने मोबाइल पालथा का ठेवला ते आलं ना लक्षात? फोटोत कोण आहे यावरून माणसं गेलीत तिथे.

अरबी समुद्र

सगळं एका बाजूने चाललंय म्हणून लिहितो. मी सौदीत दम्मामला अठरा वर्षं आहे, कॉजवेच्या अलीकडे. त्या काळात आशियाई मजुरांवर हल्ले झाले ते कोणी का सांगत नाही? पाकिस्तानी, बांगलादेशी लोकांना मारलं, घरात घुसून मारलं. एक भारतीय वॉचमन ड्यूटीवर असताना गोळी लागून गेला. माझा आतेभाऊ मनामात एका खोलीत चार दिवस दार लावून बसला होता, त्याची आई इकडे रडत होती. आपण पोट भरायला जातो, आपल्याला शांतता पाहिजे. आणि इराण शेजारी बसलाय, बहुसंख्य जनता शिया, राजघराणं सुन्नी, इराणचे पुढारी अधूनमधून बहरीन आमचा प्रांत होता म्हणतात, मग राजाने काय हातावर हात ठेवून बसायचं का? पोरीला भरीला घालू नका, तिची नोकरी जाईल.

जुना सनाबीसकर

समुद्रभाऊ, तुमच्या आतेभावाचं ऐकून वाईट वाटलं, आणि हल्ले झाले हे खरंच आहे, मी स्वतः एका पाकिस्तानी टेलरला आमच्या बिल्डिंगच्या वॉचमन खोलीत लपवलेलं बघितलंय. त्याचं कारण पण सांगायला पाहिजे. पोलिसात स्थानिक शियांना जवळजवळ घेतच नाहीत, शिपाई आणतात पाकिस्तानातून, येमेन, जॉर्डन, सीरियातून, काहींना नागरिकत्व पण देतात. मग दंगलपोलीस उर्दूत शिव्या देतो आणि राग निघतो टेलरवर. टेलरचा काय दोष, काहीच नाही. पण पोलीस भरती कोणी ठरवली, टेलरने नाही ना.

आणि इराणचं म्हणाल तर राजानेच आयोग नेमला होता, अध्यक्ष प्रोफेसर शरीफ बसिऊनी. २३ नोव्हेंबर २०११ ला राजा समोर बसलेला असताना त्यांनी अहवाल वाचला, आम्ही ऑफिसात सगळे टीव्हीभोवती उभे होतो, एक माणूस बोलत नव्हता. कोठडीत पद्धतशीर छळ झाला, पाच जण छळाने मेले, आणि इराण सरकारचा हात असल्याचा पुरावा समोर आलेला नाही, असं त्यात स्पष्ट होतं. राजाने ते ऐकून घेतलं, सुधारणा करू म्हणाला. मला त्या दिवशी खरंच वाटलं होतं की आता सुधारेल.

शाईचा डाग

आणि @अरबी समुद्र, इब्राहिम शरीफ हे नाव बघा. वअद पक्षाचे नेते, डाव्या विचाराचे, सुन्नी. पाच वर्षं शिक्षा झाली. शिया-सुन्नीच असतं तर त्यांना कशाला आत टाकलं? सुधारणा मागणारा सुन्नी सरकारला जास्त अडचणीचा, कारण त्याच्यामुळे ती इराणवाली गोष्ट टिकत नाही.

नंतरची यादी बघा. मानवाधिकार कार्यकर्ते अब्दुलहादी अल-ख्वाजा, जन्मठेप, २०१२ ला ११० दिवस उपोषण केलं. अल-विफाक हा संसदेत ४० पैकी १८ जागा जिंकलेला पक्ष, २०१६ ला बरखास्त, त्यांचे नेते अली सलमान यांना २०१८ ला जन्मठेप. वअद २०१७ ला बरखास्त. मग कायदा केला की बरखास्त पक्षांच्या लोकांनी निवडणूकच लढवायची नाही. दुसरे मानवाधिकार कार्यकर्ते नबील रजब यांना ट्वीटसाठी पाच वर्षं, येमेनच्या युद्धावर आणि जौ तुरुंगातल्या छळावर लिहिलं म्हणून. शेकडो लोकांचं नागरिकत्व काढून घेतलं, म्हणजे सकाळी उठून बघावं तर तुम्ही कुठल्याच देशाचे नाही. एप्रिल २०२४ ला दीड हजाराच्या वर कैदी माफी देऊन सोडले, ते चांगलंच झालं, पण ख्वाजांसारखे मोठे नेते त्यात नव्हते.

गोदाकाठ

मी नर्स आहे, नाशिकची, बहरीनला नव्हते पण २०११ ला आखातातच दुसऱ्या देशात होते. आमच्या वॉर्डात तेव्हा एकच विषय, मनामातलं मोठं सरकारी सलमानिया हॉस्पिटल. जखमी आले, डॉक्टर-नर्सनी उपचार केले आणि काहींनी बाहेरच्या चॅनेलना सांगितलं की आम्ही काय जखमा बघतोय, छर्रे, डोक्यात गोळ्या. झालं, २० डॉक्टर-नर्सना स्पेशल कोर्टाने पाच ते पंधरा वर्षं सुनावली, आरोप काय तर हॉस्पिटल ताब्यात घेतलं, शस्त्रं ठेवली. रुला अल-सफार, तिथल्या नर्सिंग सोसायटीच्या अध्यक्ष, त्यांना पंधरा वर्षं. पुढच्या वर्षी दुसऱ्या कोर्टात त्या आणि आणखी आठ जण निर्दोष सुटले, पण मधलं सगळं भोगून झालं होतं ना.

आमची सुपरवायझर, केरळची, तिने आम्हाला एकत्र बोलावून सांगितलं की पेशंटच्या जखमेबद्दल बाहेर एक अक्षर नाही, घरी फोनवर पण नाही. दुसऱ्या देशात! भीती अशी समुद्र ओलांडून येते. मी तेव्हा गप्प बसले आणि अजूनही त्याचं मला वाईट वाटतं, कारण शपथ पेशंटची घेतलेली असते.

पिंपळपार

थोडं जुनं सांगतो, आपल्या मुंबईशी जोडलेलं आहे म्हणून. बहरीनमध्ये १९६५ ला दिनार येईपर्यंत रुपयाच चालायचा आणि त्यांचे मोत्यांचे व्यापारी मुंबईत येऊन जाऊन असायचे. ब्रिटिशांच्या काळात तिकडे जो जास्त बोलेल त्याला इकडे पाठवायचे. अब्दुल वहाब अल-झयानी म्हणून एक मोठे गृहस्थ, सुन्नी, इंग्रजांच्या हस्तक्षेपाविरुद्ध उभे राहिले, १९२३ ला त्यांना मुंबईला हद्दपार केलं आणि ते मुंबईतच १९२५ ला वारले. बोलणाऱ्याला देशाबाहेर काढायचं ही रीत तिथे शंभर वर्षांची आहे, तेव्हा ब्रिटिश रेसिडेंट, म्हणजे आखातातला इंग्रजांचा प्रतिनिधी, करायचा, आता गृहमंत्रालय करतं.

मिठागर

सगळ्यांचे मनापासून आभार. मी हे दोन रात्री वाचतेय. अरबी समुद्र दादा, तुमची काळजी कळतेय, मी इथे कोणाशी वाद घालायला आलेली नाही.

काल शुक्रवार म्हणून टॅक्सीने त्या सिग्नलवरून गेले. काहीच नाही तिथे. मोठा रस्ता, गाड्या, पाटी. ड्रायव्हर पेशावरचा होता, मी काहीच विचारलं नाही.

रात्री पप्पांना परत फोन केला, यावेळी आईच्या व्हॉट्सअॅपवर व्हिडिओ कॉल, आणि फक्त ते नाणं कॅमेऱ्यासमोर धरायला सांगितलं. बराच वेळ बोललेच नाहीत. मग म्हणाले की त्यांचा फोरमन सित्रा बेटावरचा होता, बहरीनी, पप्पांना गॅसचं सगळं काम त्याने शिकवलं. मार्चमध्ये संप झाला तेव्हा तो आठ दिवस आला नाही, आणि एप्रिलमध्ये कंपनीने त्याला काढला. एकट्याला नाही, त्या वेळी हजारोंना असंच काढलं म्हणे, ड्यूटीवर नव्हता म्हणजे चौकात होता. शेवटच्या दिवशी तो हत्यारांची पेटी परत द्यायला आला. पप्पांनी आदल्या महिन्यात त्याच्या चहा-सँडविचचे पैसे दिले होते ते त्याला आठवत होतं, त्याने खिशातून हे नाणं काढून पप्पांच्या हातात ठेवलं. पप्पा म्हणाले मी त्याला राहू दे म्हटलं नाही, काहीच म्हटलं नाही, सुपरवायझर समोर उभा होता, मी मान खाली घालून नाणं घेतलं. नंतर ती नाणी बंद झाली तरी त्यांनी ते बँकेत दिलं नाही. आणि पुढच्या वर्षी नोकरी सोडून घरी आले. आम्हाला वाटायचं पाठ दुखते म्हणून आले.

पप्पांना त्या माणसाचं पूर्ण नाव आठवतंय. मी त्याला शोधू का? की त्यालाच त्रास होईल?

जुना सनाबीसकर

ताई, फोनवर किंवा फेसबुकवर नाव टाकून अजिबात शोधू नका, आणि ऑफिसात त्या सहकाऱ्याला पण विचारू नका, त्याने लिफ्टमध्ये एवढं सांगितलं तेच खूप केलं. कतारशी भांडण झालं तेव्हा जून २०१७ ला कतारबद्दल नुसती सहानुभूती दाखवणारी पोस्ट टाकली तरी पाच वर्षांपर्यंत शिक्षा अशी घोषणा झाली होती, त्यामुळे इथेही तुमच्या कंपनीबद्दल लिहिलेलं तेवढं काढून टाका. नाणं चिपळूणलाच राहू दे.

सित्रा लहान आहे, एसीवाल्याला गल्लीत सगळे ओळखतात. मी डिसेंबरमध्ये जुन्या पीएफच्या कामाने चार दिवस येतोय. तुमच्या पप्पांचा नंबर मला मेसेज करा, आधी त्यांच्याशी बोलतो, तो माणूस कसा दिसायचा आणि कुठल्या मशिदीच्या बाजूला राहायचा ते त्यांच्याकडून कळेल. मग आपण दोघं दुपारी जाऊ, एसी दुरुस्तीचं विचारायला म्हणून.